आईचा खडा

माझी लेक टेबलावर होती, तिचं पोट उघडलेलं होतं आणि नेमका त्याच वेळी शस्त्रक्रियेच्या खोलीतला दिवा विझला. तो मी विझवला. हे सांगितलं की लोक माझ्याकडे बघतच राहतात, आणि त्यात त्यांची काही चूक नाही. सत्तावीस वर्षं गूजघरात ज्या बाईनं दिवे विझू नयेत म्हणून कान आणि पाठ झिजवली, तिच्याच हातून असं व्हावं? मला स्वतःलाच अजून पटत नाही. पण झालं ते झालं, आणि ते नीट समजायचं तर आधी खड्याबद्दल दोन शब्द ऐकावे लागतील.

गूजखडा खाणीतून वर येतो तेव्हा राखेच्या रंगाचा असतो. रस्त्यात पडलेला दिसला तर तुम्ही लाथ मारून पुढे जाल. वर्षाकाठी मोजके चाळीसएक मिळतात, तेही बहुतेक बोराएवढे. त्याला तेल लागत नाही, ज्योत लागत नाही. लागते ती एक गोष्ट, तुम्ही आजवर एकाही जिवंत माणसाला न सांगितलेली. खड्याला ओठ लावायचे आणि ती सांगायची. गोष्ट खरी असली, तुमची स्वतःची असली, की खडा आतून उजळतो, आणि दुसऱ्या कुणाला ती कळत नाही तोवर उजळलेलाच राहतो. एका माणसाला जरी कळली तरी खेळ खलास, पुन्हा राख. सांगणारा मरेपर्यंत गप्प राहिला तर मात्र खडा कायमचा पक्का होतो.

उजेड गोष्टीच्या आकारावर ठरत नाही. ती पोटात ठेवणं किती जड जातं, त्यावर ठरतो. बायकोपासून लपवून खाल्लेल्या लाडवांवर जिना उजळतो, तोही धड नाही. उलट आमच्या शाळेचे एक मास्तर होते, त्यांनी भरलेल्या खड्यावर शाळेचा अख्खा लांबलचक व्हरांडा उजळायचा. मास्तर गेल्यावर त्यांच्या वहीवरून सगळ्यांना अंदाज आला की त्यांना स्वतःला भागाकार कधी जमलाच नव्हता. अंदाजानं खडा विझत नाही, आणि पक्का झालेला तर नाहीच, म्हणून व्हरांडा अजून उजळलेला आहे.

मी गूजघरात पाठराखीण होते. खडा भरायला आलेल्या माणसाला खोलीत बसवायचं, खडा त्याच्या हातात द्यायचा, आपल्या कानांत मेण घालायचं आणि त्याच्याकडे पाठ करून बसायचं. समोरच्या भिंतीवर आपली सावली पडली की समजायचं, भरला. नुसतं मेण पुरत नाही, पाठही लागते. कारण कानात मेण घालून वर्षं काढली की माणूस ओठ वाचायला शिकतो. आम्ही सगळ्याच वाचायचो. डबा खाताना खोलीच्या दोन टोकांना बसून आम्ही एकमेकींच्या सासवांची सालं काढायचो, आवाज न करता. बाहेरच्याला वाटायचं, काय गुणाच्या बायका आहेत.

आता आईचा खडा. तो आमच्या गावातला सगळ्यांत मोठा, दोन मुठींएवढा, आणि तो दवाखान्यात शस्त्रक्रियेच्या टेबलावर साखळीनं टांगलेला होता. आईनं तो भरला तेव्हा मी पाच वर्षांची होते. त्याच्या उजेडात डॉक्टरांना केसाएवढी शीर दिसायची. त्या खोलीला खिडकी नाही, कारण खाणीची धूळ आत आली तर जखमा चिघळतात. आणि ज्योत लावायची सोय नाही, कारण गुंगीचं औषध भपकन पेटतं. म्हणजे जे काही होतं ते त्या खड्याच्या भरवशावर. रस्त्यानं आई चालली की लोक बाजूला व्हायचे, आदरानं आणि थोड्या भीतीनंही. एवढा उजेड म्हणजे बाईनं नक्की कुणाचा तरी खून पचवलाय, असं शाळेत पोरी मला तोंडावर म्हणायच्या. मी एकदाच आईला विचारलं होतं. ती म्हणाली, "जेव गुपचूप." पुन्हा विचारायची माझी हिंमत झाली नाही, पण तो किडा डोक्यातून कधी गेला नाही.

गेल्या वर्षापासून आईचं डोकं सुटायला लागलं. धुण्यात मीठ टाकायची. माझ्या नवऱ्याला "आपण कोण, कुणाकडे आलात?" असं अगदी अदबीनं विचारायची, आणि तो बिचारा आठवड्यातून एकदा खाणीवरून घरी यायचा, त्याला रडावं की हसावं कळायचं नाही. खडा भरलेल्या माणसाचं असं व्हायला लागलं की गूजघराला कळवायचं असतं. मग त्या माणसाला मौनघरात ठेवतात. तिथं सगळे नोकर कानात मेण घालून आणि मान खाली घालून फिरतात. मी स्वतः दोन म्हाताऱ्यांना तिथं पोचवून आले होते. त्यांतला एक तीन वर्षं भिंतीशी बोलत राहिला आणि भिंतीशी बोलताबोलताच गेला. माझ्या आईला मी तिथं टाकणार नव्हते. मी कळवलं नाही. शेजारपाजारी सांगितलं, आईचा घसा गेलाय, तिला बोलायला लावू नका. घरात मी स्वतः मेण घालून वावरायचे, लेकीलाही घालायला लावायचे, आणि आईच्या तोंडाकडे बघायचं टाळायचे.

त्या सकाळी भिंगरी स्वयंपाकघरात उभ्याउभ्याच खाली कोसळली. भिंगरी म्हणजे माझी लेक, एकवीस वर्षांची, एका जागी बसेल तर शपथ, म्हणून हे नाव. ती पोट धरून गुरासारखी ओरडत होती. शेजाऱ्यांनी हातगाडीवर घालून दवाखान्यात नेली. आईला एकटीला घरी ठेवणं शक्य नव्हतं, म्हणून एका हातानं गाडी आणि एका हातानं आई, अशी मी धावत गेले.

डॉक्टरीणबाईंनी पोट दाबून बघितलं. "पोटात गाठ आहे आणि तिला पीळ बसलाय. आत्ताच्या आत्ता काढायला हवी."

"कुठल्या खोलीत?" मी विचारलं.

त्यांनी माझ्याकडे चमकून पाहिलं. खोली एकच होती, मला माहीत नव्हतं असं थोडंच होतं. मग माझ्यामागे उभ्या असलेल्या आईकडे बघून त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला, तिला बघून दवाखान्यात सगळेच विचारायचे तो. "आजी बऱ्या आहेत ना?"

तेव्हा मी खरं बोलायला हवं होतं. त्यांनी निदान दोनचार लहान खडे इकडून तिकडून काढून आणले असते, काहीतरी तजवीज केली असती. पण तसं सांगितलं तर संध्याकाळच्या आत आई मौनघरात जाणार. मी मनात म्हटलं, बाईनं चाळीस वर्षांवर तोंड मिटून काढलीत, अजून एक तास काढेल.

"ठणठणीत आहे," मी म्हणाले.

खोलीच्या बाहेर बाकडं होतं. तिथं मी आईला घेऊन बसले. दारापाशी दवाखान्याचे मामा स्टुलावर बसले होते, मिशीवाले, गरीब स्वभावाचे. भिंगरीला आमच्या समोरून आत नेली. गुंगी द्यायला सुरुवात झाली होती आणि तिचा एक हात चादरीतून बाहेर लोंबकळत होता. दार लागलं. दाराखालच्या फटीतून पांढरा उजेड आमच्या पायांपर्यंत आला.

"हात," आई म्हणाली.

"काय गं?"

"तिचा हात. हात होता तिचा." ती उठून उभी राहायला लागली. असा तिचा आवाज मी कधी ऐकला नव्हता. हे काही धुण्यातल्या मिठासारखं नव्हतं. आई खड्यातल्या त्या गोष्टीपाशी पोचली होती, हे मला न सांगता कळलं.

खिशात मेणाची डबी कायम असायचीच. "मामा, कानात घाला. विचारू नका." आमच्या गावात पाठराखिणीनं मेण दिलं की कुणी कारण विचारत नाही. मामांनी मेण घातलं आणि भिंतीकडे तोंड करून बसले. मग मी माझ्या कानांत घातलं. आई दाराकडे ओढ घेत होती. मी तिच्या तोंडावर हात ठेवला. तिला श्वास घेता येईना, डोळे पांढरे व्हायला लागले. मी हात काढला. आईचं तोंड दाबून धरायला लागतं तेवढं घट्ट काळीज माझ्यापाशी नव्हतं. मी तिच्यासमोर गुडघ्यांवर बसले, तिचे दोन्ही हात धरले आणि म्हणत राहिले, "काही नाही आई, शांत हो, मी आहे."

आणि मी तिच्या तोंडाकडे बघत होते. सत्तावीस वर्षांत नव्यातली नवी पोरही जी चूक करत नाही, ती मी केली. कान बंद केले आणि पाठ करायची विसरले. माणसाचे हात धरून त्याला धीर देताना पाठ कशी करतात, सांगा मला.

आईचे ओठ म्हणाले, "फळी मोडली. दोघी पाण्यात पडल्या."

एवढं मला माहीत होतं. मला एक मोठी बहीण होती, सात वर्षांची. मी चार वर्षांची असताना आम्ही दोघी खाणीच्या तळ्यात पडलो. आईनं उडी घेतली, मी वाचले, थोरली गेली. आमच्या घरात हे कधी लपवलेलं नव्हतं. मला त्यातलं काहीच आठवत नाही. आईनं मला वाचवलं एवढं मात्र मी आयुष्यभर सगळ्यांना सांगत आले, आणि सांगताना माझी छाती फुगायची.

इथं मी डोळे मिटायला हवे होते. डोळे मिटायला कितीसा वेळ लागतो? दाराखालचा उजेड तसाच होता, खडा अजून उजळलेला होता, माझी पोर त्या उजेडात होती. तरी मी मिटले नाहीत. मी घाबरले, गोंधळले, असं म्हणता आलं असतं, पण ते खोटं होईल. मला जाणून घ्यायचं होतं. लहानपणापासून डोक्यात असलेला तो किडा होता ना, तो माझ्या लेकीपेक्षा एक क्षण मोठा झाला.

आईचे ओठ हलत राहिले. "मी थोरलीला धरायला हात घातला होता. थोरलीलाच. पाणी गढूळ. हाताला तू लागलीस." मग ती थांबली आणि माझ्या चेहऱ्याकडे तिनं असं पाहिलं, जणू मी आत्ताच पाण्यातून वर आले होते. "वर काढलं तर तुझं तोंड. तेव्हा मी हात सोडला. पुन्हा तिच्यासाठी खाली जायला. मी सोडला होता गं. तूच माझं मनगट धरून लटकलीस. मी नाही तुला धरलं."

पायांवरचा उजेड गेला.

काही क्षण मला काही कळलंच नाही. कानांत मेण, समोर आई, सगळं गप्प. मग मामांनी मला धरून हलवलं, मी मेण उपटून काढलं आणि आतला आरडाओरडा कानांत शिरला.

मी दार ढकलून आत गेले. बाहेर जिन्यातल्या एका फालतू खड्याचा पिवळट उजेड माझ्याबरोबर आत आला, तेवढाच. डॉक्टरीणबाई टेबलावर वाकलेल्या होत्या. "कोण आहे? हलू नका! शीर माझ्या दोन बोटांत आहे. मला बांधायची आहे आणि काही दिसत नाहीये. बोटं सुटली तर पोर गेली!" नर्स हुंदके देत होती.

हातांना काम पाठ होतं. भिंतीवरची साखळी चाचपडून सोडली, खडा खाली घेतला. तो अजून कोमट होता.

"नर्स, बाईंचे कान दाबून धरा. घट्ट. आणि तुम्ही स्वतः मोठ्यानं काहीतरी म्हणत राहा, पाढे म्हणा. इकडे कुणी बघू नका."

नर्सनं हुंदके देतच बाईंचे कान दाबले आणि सातचा पाढा सुरू केला. मी खड्याला ओठ लावले. सांगायला माझ्याकडे काय होतं? नेटका संसार केलेली बाई मी, माझ्या पोटात काय असणार! एकच गोष्ट आठवली, ती सांगितली: आईचं डोकं सुटलंय हे माहीत असून मघाशी मी बाईंशी खोटं बोलले.

खडा उजळला. काजव्यापुढेही लाजावा इतपत.

"पुरत नाही!" बाई ओरडल्या.

भरलेल्या खड्यात दुसरं काही भरता येत नाही, आधी तो विझवावा लागतो. मी नर्सचे हात बाईंच्या कानांवरून ओढून काढले आणि ओरडून सांगितलं, "बाई, माझी आई वर्षभर भ्रमिष्ट आहे! मी गूजघराला कळवलं नाही! मघाशी तुमच्याशी खोटं बोलले!"

खडा विझला. बाई अंधारातून नुसतं म्हणाल्या, "लवकर करा."

नर्सनं पुन्हा त्यांचे कान धरले, सातचा पाढा पुन्हा पहिल्यापासून. मी खडा छातीशी घेतला. आईचं मनगट, गढूळ पाणी, थोरली, माझं वर आलेलं तोंड. आणि माझ्या आत काहीतरी वर आलं. एकच वाक्य होतं. ते माझ्या आत आहे, हे त्या क्षणापर्यंत मला माहीत नव्हतं. मी ते खड्याला सांगितलं.

समोरच्या भिंतीवर माझी सावली आदळली. नर्स किंचाळली आणि तिनं डोळे झाकून घेतले. मी साखळी ओढून खडा वर चढवला. टेबलावर एवढा लख्ख उजेड पडला की भिंगरीच्या पापणीचा केस न् केस दिसत होता. मी बाकीचं काही बघितलं नाही.

"हं," बाई म्हणाल्या. "आता दिसतंय. बाहेर व्हा."

मी बाहेर येऊन जमिनीवरच बसले. भीती वाटत होती ती लेकीसाठी, आणि तितकीच स्वतःची. आईचा खडा चाळीस वर्षं गावात सगळ्यांत तेजस्वी होता, आणि माझा त्याहून तेजस्वी निघाला. असं काय माझ्यात भरलेलं होतं, की जे आईच्या चाळीस वर्षांना भारी ठरावं? मामा पुन्हा भिंतीकडे तोंड करून बसले होते. आई बाकड्यावर शांत होती, पाय हलवत होती.

"झालं का गं?" तिनं विचारलं.

भिंगरी वाचली. डॉक्टरीणबाईंनी बाहेर येऊन सांगितलं तेव्हा माझा जीव भांड्यात पडला आणि मग मी जी रडले ती थांबेच ना. त्यांनी गूजघराला सगळं कळवलं, कळवायलाच हवं होतं. माझं काम गेलं. मी काही तक्रार केली नाही.

आई घरीच आहे. तिच्यापाशी आता राखायला काही उरलं नाही, त्यामुळे मौनघराचा प्रश्नच मिटला. पण एवढी वर्षं मिटलेलं ते तोंड जे उघडलंय ते आता बंद होत नाही. दूधवाला आला, त्याला सांगते. शिलाईवालीला सांगते. "मला हिला नव्हतं धरायचं. थोरलीला धरायचं होतं. हाताला ही लागली." अगदी मोकळेपणानं, मी समोर असताना, माझ्याकडे बोट दाखवून. लोक कानकोंडे होतात. काही जण मला खूण करतात, मनावर घेऊ नका म्हणून. मी कपबश्या भरत राहते. तिची वेणी मीच घालते, तिला जेवू मीच घालते. रात्री तिच्या अंगावर पांघरूणही घालते.

भिंगरीचे टाके निघाले त्या आठवड्यात आजीनं तिलाही ती गोष्ट सांगितली, चौथ्यांदा. सांगून झाल्यावर आजी खुर्चीतच पेंगली. भिंगरी उशीला टेकून माझ्याकडे बघत होती.

"आई, ते कळल्यावर तुला काय वाटलं गं?"

मी दुधाचा पेला हातात घेऊन उभी होते. माझ्या तोंडाशी आलं होतं. एकच तर वाक्य आहे, आणि जगात कुणाला सांगावंसं वाटत असेल तर या पोरीलाच. सकाळचे अकरा वाजले होते. अकराला तिकडे त्या टेबलावर कुणाची ना कुणाची लेक असतेच.

"काही नाही वाटलं," मी म्हणाले.

"असं कसं गं? काहीच नाही?"

"नाही म्हटलं ना. दूध घे, गार होतंय."

तिनं पेला घेतला. मग तोंड फिरवून खिडकीबाहेर बघत राहिली. आपली आई दगड आहे असं तिला वाटलं, मला ते तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसलं. त्यानंतर तिनं मला कधी विचारलं नाही.